बटाटेडोळ्या मात्सू: हजार पिक्चर केलेल्या नटाचं प्रकरण

सप्टेंबर १९२६, क्योतो. एका नटाची अंत्ययात्रा निघालीय आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना नुसती माणसंच माणसं, दोन लाखांच्या आसपास लोक होते अशी नोंद आहे. गेलेल्याचं नाव ओनोए मात्सुनोसुके. पण गल्लीतली पोरं त्याला या नावानं कुठं ओळखत होती, त्यांच्यासाठी तो "मेदामा नो मात्चान". मेदामा म्हणजे डोळे, तेही असे टपोरे बाहेर आलेले, आणि चान हे लाडानं लावायचं शेपूट. आपल्या भाषेत बटाटेडोळ्या मात्सू म्हणा.

आता याच सुमाराची दुसरी बाजू बघा. सिनेमावर लिहिणारी शिकली-सवरलेली मंडळी या माणसाला पार विटलेली होती. जपानी सिनेमात जे जे म्हणून जुनाट आहे त्याचं उदाहरण द्यायचं झालं की याचंच नाव. आणि आजही सिनेमाच्या इतिहासात त्याचा धडा साधारण असाच उरकतात, की पहिला सुपरस्टार होता, हजार पिक्चर केले, काळ बदलला, याला बदलता आलं नाही, संपला.

मला हे "बदलता आलं नाही" तितकं पटत नाही. म्हणून हे प्रकरण जरा नीट उलगडून बघू.

जन्म १२ सप्टेंबर १८७५, ओकायामा. मूळ नाव नाकामुरा त्सुरुझो. लहान असतानाच नाटकाचा किडा चावला आणि पुढं घर सोडून फिरत्या कंपनीत गेला. इथं एक गोष्ट लक्षात घ्यायला पाहिजे, काबुकीत, म्हणजे जपानच्या जुन्या पारंपरिक नाटकात, घराणं लागतं. मोठ्या शहरातल्या मोठ्या रंगमंचावर उभं राहायचं तर नाव बापाकडून किंवा गुरूकडून यावं लागतं, आणि हा त्यातला नव्हताच. हा गावोगाव हिंडणारा, उड्या मारणारा, झटक्यात कपडे बदलून दुसरंच सोंग घेऊन येणारा, अशा करामतींवर पब्लिक खेचणारा नट. मात्सुनोसुके हे नावसुद्धा त्यानं तिशीला टेकल्यावर घेतलं.

क्योतोच्या निशिजिन भागात, म्हणजे विणकरांच्या वस्तीत, सेनबोनझा नावाचं एक थिएटर होतं. ते चालवायचा माकिनो शोझो आणि त्याची आई. योकोता शोकाई ही कंपनी फिल्मा दाखवायच्या धंद्यात होती, तिला स्वतःच्या जपानी फिल्मा हव्या होत्या, आणि माकिनोकडं नट होते, कपडे होते, तलवारी होत्या. तर १९०८ मधे माकिनोनं पहिली फिल्म काढली. नंतर ओकायामाकडं देवदर्शनाला गेला असताना त्यानं हा मात्सुनोसुके बघितला असं सांगतात, आणि हा चपळ गडी आपल्या कामाचा आहे हे त्याच्या लगेच लक्षात आलं. १९०९ मधे मात्सुनोसुकेची पहिली फिल्म आली, तेव्हा तो चौतीस वर्षांचा होता. आजच्या हिशोबानं हिरो व्हायला उशीरच म्हणायचा.

आणि मोठे काबुकी नट का नाही आले या धंद्यात? तर त्यांना ते कमीपणाचं वाटायचं. नाटक कशावर करायचं, तर हिनोकीच्या गुळगुळीत लाकडी फळ्यांवर, आणि फिल्मवाले नाचतात उघड्यावर मातीत. त्याला हिणवून मातीतलं नाटक म्हणायचे. ज्याच्याकडं हिनोकीच्या फळ्या होत्या तो कशाला येईल मातीत. याच्याकडं त्या नव्हत्याच, मग गमावण्यासारखं होतंच काय.

आता काम कसं चालायचं ते बघा, कारण सगळ्या प्रकरणाची गाठ मला तरी इथंच दिसते.

स्क्रिप्ट नाही. माकिनो कॅमेऱ्याशेजारी उभा राहून संवाद तोंडानं सांगायचा, नट ते ऐकून म्हणायचे आणि ॲक्शन करायचे. याला कुचिदाते म्हणतात. हे वाचलं तेव्हा मला हसू आलं, कारण कोकणात दशावतार बघत मोठा झालेल्याला यात नवल ते काय. रात्री आख्यान कुठलं ते ठरतं, मालक चार गोष्टी सांगतो, पायपेटी सुरू होते आणि नट उभ्या उभ्या संवाद रचत जातात. फरक इतकाच की दशावतारात नट स्वतःच बोलतो, इथं माकिनो मागून बोलवून घ्यायचा.

कॅमेरा एका जागी ठोकलेला. नट डोक्यापासून पायापर्यंत दिसले पाहिजेत, म्हणजे नाटकाच्या मधल्या रांगेतून बघावं तसं. जागा उघडी, प्रकाश सूर्याचा, मागं रंगवलेले पडदे, वारा सुटला की वाडाच हलायचा. आणि फिल्म महाग होती, त्यामुळं कॅमेरा हातानं फिरवायचा तोही हळू. सेकंदाला १६ चित्रं घ्यायची तिथं ८ घ्यायची. साधा हिशोब करा, १,००० फूट फिल्मवर १६,००० चित्रं मावतात. सेकंदाला १६ घेतली तर जेमतेम पावणेसतरा मिनिटं निघतात, ८ घेतली तर तेवढ्यातच तेहतीस मिनिटांच्या वर. अर्धा खर्च वाचला! पण मग पडद्यावर सगळं धक्के खात, तुटक तुटक दिसतं.

रीळ संपलं की माकिनो ओरडायचा, थांबा! सगळे जिथल्या तिथं पुतळ्यासारखे, तलवार वर तर वर, पाय हवेत तर हवेत. रीळ बदललं की पुढं चालू. यावरचा एक किस्सा नेहमी सांगतात, की असंच एकदा सगळे थिजलेले असताना एक नट मधेच लघवीला गेला, बाकीच्यांनी तसंच शूटिंग पुरं केलं, आणि पडद्यावर बघतात तर काय, हा माणूस हवेत गडप! त्यातनं मग माकिनोला गायब होण्याची ट्रिक सापडली. किस्सा कितपत खरा देव जाणे, फ्रान्समधेही असाच एक किस्सा सांगतात, पण ट्रिक मात्र खरी, आणि तिच्यावरच मात्सुनोसुकेचं निम्मं दुकान चाललं.

डोळ्यांची गोष्ट पण याच कॅमेऱ्याची आहे. काबुकीत मिए म्हणून एक प्रकार असतो. प्रसंग अगदी टोकाला आला की नट एकदम थांबतो, पाय रोवतो, मान गर्रकन फिरवून झटका देतो, डोळे वटारतो, आणि बाजूला बसलेला माणूस लाकडाचे ठोकळे फळीवर आपटतो, फटाफट. पब्लिक ओरडतं. मात्सुनोसुकेनं १९१० च्या सुमाराला एका युद्धाच्या फिल्ममधे असं बुरुजावर उभं राहून डोळे काढले आणि थिएटरातनं कोणीतरी ओरडलं "मेदामा!", तेव्हापासून ते नाव चिकटलं असं म्हणतात. क्लोजअप नाही, कॅमेरा लांब, चित्र धूसर आणि थरथरणारं, अशात शेवटच्या रांगेतल्या पोराला चेहऱ्यावरचं काय दिसणार? ज्याचे डोळे मोठे त्याचंच काहीतरी दिसणार. बारीक अभिनय करणारा नट त्या कॅमेऱ्यासमोर दिसलाच नसता.

मी स्वतः त्याची १९२१ ची जिराइया पहिल्यांदा मोबाईलवर बघितली, वीसेक मिनिटंच उरलीय ती, रात्री झोपायच्या आधी, आवाज बंद करून. आणि खरं सांगायचं तर हसलोच. पांढऱ्या पावडरचा चेहरा, एक माणूस गायब होतोय, धुराचा लोट, मग एक मोठ्ठा बेडूक, म्हणजे बेडकाच्या सोंगात शिरलेला माणूस, दोघंचौघं त्याच्या अंगावर धावतात, परत धूर. पाचव्या मिनिटाला स्क्रोल करायला लागलो. नंतर एकदा तीच फिल्म बेन्शीच्या आवाजासकट मिळाली आणि मी अख्खी बघितली, वर पुन्हा बघितली. अरे, ही तर वेगळीच फिल्म!

बेन्शी म्हणजे पडद्याच्या बाजूला उभा राहून फिल्म सांगणारा माणूस. नुसता निवेदक नाही, गोष्ट तो सांगणार, पात्रांचे आवाज तो काढणार, मधे कोपरखळ्या मारणार. या जुन्या तलवारीवाल्या फिल्मांना तर कधीकधी चारपाच जण मिळून एकेका पात्राचे आवाज काढायचे, सोबत शामिसेन हे तंतुवाद्य, ढोल, ते लाकडी ठोकळे, सगळं लाइव्ह. बेन्शीचं नाव पोस्टरवर नटाच्या बरोबरीनं यायचं, त्याला ऐकायला म्हणून लोक ठराविक थिएटरला जायचे. म्हणजे पडद्यावर होता तो अर्धाच खेळ. आपण आज तो उरलेला अर्धा मुका भाग बघतो आणि म्हणतो की नट ओव्हरॲक्टिंग करतोय. नारायणराव बालगंधर्वांचं पद गाणं काढून नुसतं ओठ हलताना बघितलं तर काय मत होईल, तसंच आहे हे.

(नारुतो ही जपानी कार्टून मालिका बघणाऱ्यांसाठी: हो, जिराइया, ओरोचिमारु, त्सुनादे, बेडूक, साप, गोगलगाय, हे सगळं त्याच जुन्या लोककथेतलं. तुमचा लाडका म्हातारा शंभर वर्षांपूर्वी मात्सुनोसुकेनं करून ठेवलाय.)

१९१२ मधे चार कंपन्या एकत्र होऊन निक्कात्सु झाली, योकोता शोकाई त्यातली एक, आणि मात्सुनोसुके तिच्या क्योतो शाखेचा हुकमी एक्का झाला. एकूण फिल्मा हजाराच्या वर धरतात, सतरा वर्षांत. म्हणजे वर्षाला साठ, आठवड्याला एकापेक्षा जास्त. छोट्या छोट्या असायच्या हे खरं, तरी पण. गोष्टी कुठनं यायच्या, तर काबुकी, कीर्तनकारासारखे बसून गोष्टी सांगणारे कोदानवाले, आणि ओसाकाहून निघणारी तात्सुकावा बुंको नावाची पोरांची खिशात मावणारी पुस्तकं, ज्यातनं निन्जांचं वेड देशभर पसरलं होतं. सत्तेचाळीस रोनिनांची, म्हणजे मालक गमावलेल्या सामुराईंची गोष्ट, चुशिंगुरा, तर त्यानं कितीदा केली असेल. १९१० च्या सुमाराची एक उरलीय, तिच्यात हाच बळी जाणारा मालक, हाच सूड घेणारा कारभारी आणि हाच शत्रूच्या वाड्यातला तलवारबाजही! तीन रोल, आणि पब्लिकला काही अडचण नाही, उलट पैसे वसूल.

मग टीकाकारांचं म्हणणं काय होतं? चुकीचं अजिबात नव्हतं. १९१० च्या दशकात परदेशी फिल्मा टोकियोत येत होत्या, क्लोजअप, कट, खऱ्या बायका बायकांच्या रोलमधे, कॅमेरा हलतोय. आणि जपानी फिल्म म्हणजे शूट केलेलं नाटक. बायकांची कामं पुरुषच करायचे, ओन्नागाता म्हणजे आपली स्त्रीपार्टी. आपल्याकडे फाळक्यांनी १९१३ ला तारामती साळुंख्यांकडून करून घेतली ती बाई मिळेना म्हणून, तिथं ओन्नागाता ही शतकांची शिस्तबद्ध कला होती, त्यामुळं ती जायला जास्त वेळ लागला. कायेरियामा नोरिमासासारखे लोक लिहायला लागले की सिनेमा सिनेमासारखा करा, स्क्रिप्ट लिहा, बेन्शीवर विसंबू नका, बायका आणा. शुद्ध चित्रपटाची चळवळ म्हणतात याला. आणि मात्सुनोसुके म्हणजे त्यांना नको असलेल्या प्रत्येक गोष्टीचा एकत्र गठ्ठा. त्यात त्याचं पब्लिक म्हणजे पोरंटोरं आणि कामगार, मग तर शिकलेल्यांनी नाक मुरडायला मोकळंच रान.

पण गंमत बघा, शिव्या नटाला बसत होत्या आणि त्यातल्या बहुतेक गोष्टी नटाच्या हातात नव्हत्या. सेकंदाला ८ चित्रं त्यानं नव्हती ठरवली. क्लोजअप घ्यायचा नाही हेही त्याचं नव्हतं. कंपनीचा हिशोब साधा होता, मात्सुनोसुकेची फिल्म कशीही काढा, खपते. मग खर्च कोण वाढवेल? हिट मशीनला कोणी स्पॅनर लावत नाही, हे कुठल्याही धंद्यात बघा.

बरं, माकिनोलाच या साच्याचा आधी कंटाळा आला. ज्यानं मात्सुनोसुकेला उभं केलं तोच १९२१ मधे निक्कात्सु सोडून स्वतःची कंपनी काढून बसला. दोघांमधे कुरबुर होती असं बरेच जण लिहितात, स्टार डोईजड झाला होता वगैरे, असेलही. माकिनोनं मग नवीन पोरं घेतली, सुसुकिता रोकुहेईसारखा लेखक घेतला, आणि त्यातनं बान्दो त्सुमासाबुरो पुढं आला. याची तलवार वेगळी. मात्सुनोसुकेची मारामारी म्हणजे नाच, एक वार, एक पोझ, समोरचा कोलांटी मारून पडला, पुढचा या. ती ढोलाच्या ठेक्यावर बसवलेली असते. नव्या पोरांची मारामारी शिनकोकुगेकी या १९१७ मधे सुरू झालेल्या नाटकमंडळीच्या वळणावर गेलेली, धावपळ, दम लागलेला, घाम, केस सुटलेले. १९२५ च्या ओरोची या फिल्मच्या शेवटी बान्दो चहूबाजूंनी घेरलेला असतो, त्याला जिंकायचं नसतं, त्याला नुसतं थकव्यानं मरायला झालेलं असतं. ते बघितल्यावर मात्सुनोसुकेचा बेडूक बघवत नाही, हे मीही मान्य करतो.

नेहमीची गोष्ट इथंच संपवतात. पण १९२१ नंतर मात्सुनोसुके काय करत होता ते बघायला नको का? तो जवळजवळ पन्नाशीचा, माकिनो नाही, मागं बाराएक वर्षांची एकच सवय. १९२२ च्या शिबुकावा बानगोरोमधे अजून राक्षसी कोळी वगैरे आहेच. पण १९२३ च्या सप्टेंबरात भूकंपानं टोकियो भुईसपाट झालं, निक्कात्सुचं तिथलं काम क्योतोला आलं, आणि त्यासोबत नवीन पद्धतीपण आल्या. लिहिलेलं स्क्रिप्ट, नट्या, कट, पडद्यावर पाट्या. आणि या सगळ्यात हा माणूस उभा राहिला. इकेदा तोमियासु या तरुण दिग्दर्शकाच्या हाताखाली काम करायला लागला, ज्याला त्यानं सहज "तू मला काय शिकवतोस" म्हणून उडवलं असतं, कारण एव्हाना तो स्टुडिओच्या कारभारातला वरचा माणूस होता. १९२५ चा अराकी मातायेमोन हा त्याचा हजारावा म्हणून वाजतगाजत काढला तो इकेदाचाच. १९२६ मधे त्याच इकेदासोबत परत चुशिंगुरा, मोठा, नव्या पद्धतीचा. जादू नाही, बेडूक नाही.

म्हणजे माझ्या मते बदल झाला होता, फक्त तीन-चार वर्षांचा, आणि तोही पन्नाशीत. माकिनो गेला तेव्हा सुरुवात झाली, भूकंपानं ढकललं, आणि सुरळीत व्हायच्या आत वेळ संपला. "त्याला जमलं नाही" आणि "त्याला वेळ मिळाला नाही" या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. अर्थात तो बान्दोसारखा झाला असता असं मला मुळीच म्हणायचं नाही. नसताच झाला. म्हाताऱ्या कारभाऱ्याचे, शांत बसून बोलणाऱ्या माणसाचे रोल कदाचित छान केले असते. पण हा आपला माझा अंदाज.

अजून एक बाजू, जी पिक्चरच्या गप्पांमधे कोणी काढत नाही. शेवटच्या वर्षांत त्यानं गरिबांच्या घरांसाठी वगैरे बराच पैसा दिला. आज क्योतोत कामो नदीकाठच्या बागेत त्याचा अर्धपुतळा आहे तो सिनेमापेक्षा या दानधर्मासाठी उभारलेला. ज्यांच्या चिल्लरीवर तो स्टार झाला त्यांच्याकडंच पैसा परत गेला म्हणायचा. अंत्ययात्रेची गर्दी नुसत्या डोळ्यांसाठी नसावी.

१९२६ मधे एका फिल्मचं शूटिंग चालू असताना हृदयाच्या दुखण्यानं कोसळला. ११ सप्टेंबरला गेला, दुसऱ्या दिवशी एक्कावन्न पूर्ण झाली असती. निक्कात्सुत त्याची जागा लवकरच ओकोची देनजिरोनं घेतली, दिग्दर्शक इतो दाइसुके, आणि १९२७ पासून तलवारीच्या फिल्मांचं रूपच पालटलं.

आता उरलंय काय, तर हजारातल्या धड बघण्यासारख्या फिल्मा हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. मुळात प्रिंट एकदोनच काढायचे, त्या गावोगाव झिजेपर्यंत फिरायच्या, नायट्रेटची फिल्म पेट घ्यायची (खुद्द माकिनोची १९२८ ची चुशिंगुरा एडिटिंगच्या टेबलावर दिव्यानं पेटली), मग भूकंप, मग महायुद्ध. टीकाकारांचे लेख मात्र सगळे शाबूत आहेत. कागदच तो, टिकतो.

आणि एक मजेशीर गोष्ट टिकली. प्रिंट झिजली, थिएटरात चालेनाशी झाली की तिचे तुकडे करून खेळण्याच्या दुकानात विकायचे. घरात छोटं पत्र्याचं प्रोजेक्टर असायचं, पोरांनी हँडल फिरवायचं, भिंतीवर चित्र. अर्धा मिनिट, एक मिनिट, फार तर तीन. अख्खी फिल्म गेली पण असा एखादा तुकडा कुणाच्या माळ्यावरच्या डब्यात निघतो, क्योतोत अशा खेळण्यातल्या फिल्मांचं एक छोटं म्युझियमच आहे. दुकानदारानं तुकडा कुठला कापायचा हे डोकं लावूनच ठरवलेलं असणार, पोरांना काय हवंय ते त्याला माहीत. त्यामुळं गोष्ट काय, कोण कोणाला का मारतोय, काही कळत नाही. तलवारी, धावाधाव, चारपाच जण कोलांट्या मारत पडतात, मग मधला बुटका माणूस एकदम थांबतो, पाय रोवतो, मान फिरवतो, डोळे काढतो. तिथं फिल्म संपते. पोरगं हँडल उलटं फिरवतं आणि परत पहिल्यापासून.